हीरो घोरपडे

घोरपडेकाकांना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते आमच्या नव्या घराच्या पायरीवर उकिडवे बसले होते आणि त्यांच्यासमोर हातभर लांबीचा एक प्राणी बसला होता. दोघंही एकमेकांकडे शांतपणे बघत होते.

आम्ही त्या दिवशी दुबईतलं करामा सोडून अबू धाबीच्या खलिफा सिटीत राहायला आलो होतो. एका मोठ्या व्हिलाचे चार भाग करून चार कुटुंबांना दिले होते, मध्ये सामाईक अंगण आणि फाटकावर खानचाचा नावाचे पेशावरकडचे वॉचमन. ऑगस्ट महिना. टेम्पोतून सामान उतरत होतं आणि माझी मुलगी रेवा, तेव्हा आठवीत, किंचाळत फाटकाबाहेर आली. माझा नवरा प्रसाद काय झालं ते बघायला आत गेला आणि तोही तेवढ्याच वेगानं बाहेर आला. पायरीवर धब होता. वाळवंटात राहणारा, जाडजूड, काटेरी शेपटीचा. दिसायला थेट घोरपडीचा मावसभाऊ.

डोक्यावर रुंद काठाची हॅट, अंगात खाकी शर्ट आणि गुडघ्यापर्यंत चड्डी घातलेला एक साठीकडे झुकलेला माणूस कुठूनसा आला आणि त्या प्राण्यासमोर बसला. बराच वेळ बघून झाल्यावर म्हणाला, "नवीन दिसताय."

हे आम्हाला की त्याला, ते कळलं नाही. मी आपलं "हो" म्हटलं.

"विषारी आहे का हो?" प्रसादनं टेम्पोच्या फळीवरून विचारलं.

"न्हाई. शाकाहारी आहे. तुम्ही?"

"आम्ही... आम्ही सगळं खातो."

"मग भ्यायचं त्यानं." त्यांनी खांद्यावरचा टॉवेल हलकेच त्या प्राण्यावर टाकला, उचलला आणि काखेत धरला. "मी घोरपडे. पलीकडचं दार आमचं." मग टॉवेलकडे बघून म्हणाले, "हा आमच्यातला न्हाई. पण लांबचा लागतो."

जीपच्या मागच्या सीटवर ते गाठोडं ठेवून ते निघून गेले. तेवढ्यात मालतीकाकू, म्हणजे त्यांच्या पत्नी, आमच्यासाठी कोकमाचं सरबत घेऊन आल्या. "आमचे हे कुठं गेले?" त्यांनी खानचाचांना विचारलं.

"गेस्ट को छोड़ने गए हैं," खानचाचा म्हणाले. त्यांच्याही चेहऱ्यावरची सुरकुती हलली नाही. एकत्र राहून माणसं एकमेकांसारखी होतात, ती कशी, ते मला त्या दिवशी समजलं.

रेवाला त्या वयात एक वेड होतं. ऑस्ट्रेलियातल्या लाल मातीच्या उजाड मुलखात घडणारे सिनेमे ती एकामागून एक बघायची. त्यांत एक रापलेला हीरो असायचा. तो फारसा बोलायचा नाही, बोलला की लोक हसायचे, आणि संकट आलं की तो अगदी सावकाश उठायचा. त्या संध्याकाळी जेवताना ती म्हणाली, "ममा, ही इज द गाय. ही इज लिटरली द गाय." तेव्हापासून आमच्या घरात घोरपडेकाकांचं नाव हीरो पडलं. ते त्यांच्या कानावर गेलं तेव्हा त्यांनी हॅट मागे सरकवली आणि विचारलं, "हिरोईन कोण?" काकू आतून ओरडल्या, "हीरो, कोपऱ्यावरून खुबूस आणा, गरम बघून." हीरो उठून त्या अरबी रोट्या आणायला गेले.

काका मूळचे दुष्काळी माण तालुक्यातले, म्हसवडचे. सांगलीला सिव्हिल इंजिनिअर झाले आणि तरुणपणीच इकडे सर्व्हेच्या कामावर आले. पाइपलाइन कुठून जाईल, रस्ता कुठून जाईल, ते बघायला त्यांचं निम्मं आयुष्य तंबूत आणि जीपमध्ये गेलं. ती हॅट एका ऑस्ट्रेलियन सहकाऱ्यानं नोकरी सोडताना दिलेली होती. चेहरा उन्हानं असा तडकलेला होता की तो हसला तरी आधी भेगा हलायच्या आणि मग हसू यायचं. पहिल्यांदा वाळवंट बघितल्यावर काय वाटलं, असं मी एकदा विचारलं. ते म्हणाले, "वाटलं, गावाला आलो. फक्त इथं पाऊस पडंल म्हणून कुणी वर बघत न्हाई. तेवढं बरं वाटलं."

बोलणं असं, जपून. काकूंचं मात्र नळ उघडा राहिल्यासारखं. त्यांची गोष्ट सुरू झाली की मध्येच त्या विचारायच्या, "हो की नाही हो?" आणि काका "हूं" म्हणायचे. एकदा काकू वैतागून म्हणाल्या, "नुसतं हूं काय? मी काय म्हणाले ते तरी सांगा." काकांनी अख्खी गोष्ट, माणसांच्या नावांसकट, सात-आठ शब्दांत सांगितली. काकू म्हणाल्या, "हे असं सांगितलं तर त्यात मजा काय राहिली?" "म्हणूनच तू सांगतीस," काका म्हणाले. काकू लाजल्या. इतक्या वर्षांच्या संसारानंतर बायकोला लाजवणारा माणूस मी त्यांच्याशिवाय पाहिलेला नाही.

प्रसादनं पुढच्या वर्षी मोठी फोर-व्हील गाडी घेतली. घेतली म्हणजे वाळूत घालायलाच हवी, म्हणून एका शुक्रवारी आम्ही आणि घोरपडे कुटुंब, दोन गाड्या घेऊन लिवाच्या वाळवंटाच्या वाटेवर निघालो. काकांनी सांगितलं होतं की वाळूत शिरायच्या आधी थांबू, टायरमधली हवा कमी करू. प्रसाद थांबला नाही. त्याला वाटलं नव्या गाडीला कशाला. पहिल्याच टेकाडावर गाडी पोटापर्यंत रुतली. प्रसाद जोरजोरात ॲक्सिलरेटर दाबत होता, चाकं भुर्रकन वाळू उडवत होती आणि गाडी आणखी खाली जात होती.

काका मागून आले. स्वतःच्या जीपमधून चटई काढली, सावलीच्या बाजूला अंथरली आणि काकूंना म्हणाले, "चहा काढ."

"अहो काका, गाडी!" प्रसाद ओरडला.

"पळून जाणार हाय का ती?"

आम्ही चहा प्यायलो. प्रसादचा जीव थाऱ्यावर नव्हता. त्याचा कप रिकामा झाल्यावर काका उठले, चारही टायरमधली हवा सोडली, चाकांपुढची वाळू हातानं बाजूला केली आणि प्रसादला म्हणाले, "आता हळू." गाडी निघाली. इतकी सहज निघाली की प्रसादला जवळजवळ अपमान वाटला.

"हवा सोडल्यानं काय होतं?" रेवानं इंग्रजीत विचारलं. ती त्यांच्याशी इंग्रजीतच बोलायची, ते मराठीतच उत्तर द्यायचे आणि दोघांचं कधी अडलं नाही.

"टायर टणक असला की टोकावर उभा राहतो आन् रुततो. मऊ झाला की पसरतो. पसरला की वाळू त्याला सांभाळून घेती."

हे मला तेव्हा गाडीपुरतंच वाटलं होतं. नंतर दोन वर्षांनी प्रसादच्या कंपनीनं त्याचं डिपार्टमेंटच बंद केलं. नोकरी गेली की व्हिसाचा प्रश्न, व्हिसाबरोबर घर, शाळा, सगळंच. दुसऱ्या एका ठिकाणी काम मिळत होतं, पण हुद्दा खालचा होता. प्रसाद म्हणत होता, मी मॅनेजर होतो, आता पुन्हा कुणाच्या हाताखाली बसू? दिवसभर घरात येरझाऱ्या घालायचा, रेवावर ओरडायचा, मग तिची माफी मागायचा. काका एक दिवस आले. कधी नव्हे ते आमच्या सोफ्यावर बसले, पाणी प्यायले, खिडकीतून प्रसादच्या गाडीकडे बघत राहिले आणि म्हणाले, "हवा किती ठेवलीय?"

"गाडीत? नॉर्मल आहे, काका."

"गाडीचं न्हाई विचारलं."

एवढंच बोलून ते गेले. प्रसाद दार लावून परत आला. मग तो हसायला लागला. इतक्या आठवड्यांनी घरात कुणीतरी हसत होतं. त्यानं ती नोकरी घेतली आणि पुढे त्याच ऑफिसात त्याचं चांगलं बस्तान बसलं. काकांना त्यानं पेढे नेऊन दिले तेव्हा ते म्हणाले, "माझं काय त्यात? मी गाडीबद्दलच विचारायला आलो हुतो. नंतर लाज वाटली."

खरं काय ते त्यांनाच माहीत.

रेवा दुबईला युनिव्हर्सिटीत फिल्म शिकायला लागली आणि शेवटच्या वर्षी तिला पंधरा मिनिटांची फिल्म करायची होती. गोष्ट तिचीच: वाळवंटात एकटा राहणारा म्हातारा, त्याची हरवलेली उंटीण आणि तिला शोधत फिरण्याचा त्याचा एक दिवस. हीरो कोण, याबद्दल तिच्या मनात शंका नव्हती. ती स्क्रिप्ट घेऊन शेजारी गेली.

काकांनी चष्मा लावून सगळं वाचलं. "ह्यात हा वाळूशी दोन पानं बोलतोय."

"इट्स अ मोनोलॉग, काका. ही इज लोनली."

"एवढं कोण बोलतं वाळवंटात? तोंडात वाळू जाती." त्यांनी पेन मागितलं आणि दोन पानं खोडून खाली लिहिलं, 'हूं.' रेवा रडकुंडीला आली. मग तिनं ते मोठ्यानं वाचून बघितलं, आधी दोन पानं आणि मग नुसतं हूं. घरी येऊन मला म्हणाली, "ममा, इट्स बेटर. आय हेट दॅट इट्स बेटर."

शूटिंग एप्रिलमध्ये ठरलं. रेवा, कॅमेरा करणारा नील आणि आणखी तिघं. नील शारजाहत वाढलेला, नागपूरच्या घरातला मुलगा, अबोल आणि कामात बुडून जाणारा. सगळ्या मुलांना एकटं कसं सोडायचं म्हणून मी आणि प्रसादही गेलो. सकाळ मजेत गेली. काकांना चालायला सांगितलं की ते चालायचे, थांबायला सांगितलं की थांबायचे. "कट" म्हटल्यावरही ते तसेच उभे राहायचे. "झालं का?" असं विचारायचे आणि मगच हलायचे. एक उंटीण भाड्यानं आणली होती. ती काकांच्या हॅटचा काठ चघळायची. रेवानं विचारलं, हिला शॉटमध्ये तुमच्याकडे बघायला कसं लावायचं? काका म्हणाले, "मी तिच्याकडं बघत न्हाई, मग ती बघंल." आणि खरंच तसं झालं.

दुपारनंतर वारा उठला. आधी वाळू पायाशी सरपटत होती, मग ती उठून उभी राहिली आणि पलीकडची टेकाडं दिसेनाशी झाली. आम्ही सामान गाड्यांत टाकलं, उंटवाला आपल्या जनावराला घेऊन ट्रकपाशी गेला आणि मग कुणीतरी म्हणालं, "नील कुठेय?"

वारा यायच्या थोडं आधी तो लांबून शॉट घ्यायला एकटाच गेला होता. फोनला रेंज नव्हती. रेवा त्याच्या नावानं हाका मारत पळायला लागली आणि तिच्यामागे बाकीची मुलं.

"थांब!" काका ओरडले. त्यांचा आवाज चढलेला मी तेवढ्या एकाच वेळी ऐकला. सगळे जागच्या जागी थांबले. मग नेहमीच्या आवाजात म्हणाले, "एक हरवलाय. त्याला सोबत नकोय. गाडीत बसा सगळे."

रेवा तिथेच वाळूत बसली. त्यांनी तिच्यापुढे उकिडवं बसून विचारलं, "त्याला कसला शॉट पायजे हुता? नीट आठव."

"बॅकलाइट. सन बिहाइंड यू. ही वॉन्टेड युवर सिल्हूएट."

"म्हणजे सूर्य माझ्या पाठीशी. दुपार टळलेली. म्हणजे तो पूर्वेला गेला." ते उठून वाऱ्याकडे तोंड करून उभे राहिले. "आन् वाळू तोंडावर यायला लागली की माणूस पाठ फिरवतो आन् वारा ढकलंल तिकडं जातो. म्हंजे जरा खाली, दक्षिणेला." प्रसादला त्यांनी सांगितलं, "तुम्ही इथनं हलायचं न्हाई. हॉर्न दाबत राहायचं. मी आवाज ऐकून परत येतो." हॅट डोळ्यांवर ओढली आणि जीप घेऊन त्या पिवळ्या धुरात शिरले.

प्रसाद हॉर्न दाबत होता. मुलं एकमेकांचे हात धरून बसली होती. नीलच्या आईला काय सांगायचं, हा एकच विचार माझ्या डोक्यात फिरत होता. रेवा फोन हातात धरून खिडकीतून बघत होती. किती वेळ गेला कुणास ठाऊक. मग धुरळ्यात काहीतरी काळं दिसलं. जीप थोडी पलीकडे एका खड्ड्याशी अडली होती, म्हणून ते चालत येत होते. वाकलेली हॅट, एका खांद्याला कॅमेरा आणि दुसरा हात नीलच्या पाठीवर. रेवानं केव्हा फोन वर केला ते तिलाही कळलं नाही.

नील एका झुडपाआड, शर्टात कॅमेरा गुंडाळून बसून राहिला होता. गाडीत आल्यावर तो रडायला लागला. "सॉरी अंकल, आय ॲम सो सॉरी."

"बसून राहिलास ते झ्याक केलंस," काका म्हणाले. "पण पुढच्या वेळी तुझं वेगळं पिक्चर काढायचं असलं तर आधी सांग. डबा देतो बांधून."

नील रडता रडता हसला. मग सगळेच हसले, उगाचच, पोट दुखेपर्यंत.

वारा जरा पडल्यावर मी थर्मासमधला चहा घेऊन काकांकडे गेले. ते त्या अडलेल्या जीपच्या आडोशाला एकटेच बसले होते. कप दिला तर त्यांच्या हातात तो इतका हलायला लागला की चहा बोटांवर सांडला. मी कप धरला.

"थंडी वाजतीय जरा," ते म्हणाले.

एप्रिलचं ऊन पाठ भाजत होतं. मी "हो ना" म्हटलं आणि माझी ओढणी त्यांच्या खांद्यावर टाकली. त्यांनी ती राहू दिली. मग म्हणाले, "तुम्ही जावा पोरांकडं. मी एवढी थंडी संपवून येतो."

फिल्म दुबईतल्या आमच्या मराठी मंडळींसाठी एका हॉलमध्ये दाखवली. करामापासून जुमेरा लेक्स टॉवर्सपर्यंतची ओळखीची सगळी माणसं आली होती. नीलचे आईवडीलही पहिल्या रांगेत होते. पडद्यावर काकांनी 'हूं' म्हटलं आणि हॉल हशानं दणाणला. उंटिणीनं त्यांच्याकडे बघितलं तेव्हा एका आजोबांनी शिट्टी मारली. सगळ्यात शेवटी तो फोनवर टिपलेला शॉट होता. धुरळ्यातून एक म्हातारा येतोय आणि त्याच्याबरोबर एक तरुण मुलगा आहे. रेवानं गोष्टच बदलली होती. म्हाताऱ्याला उंटीण सापडत नाही, एक वाट चुकलेला मुलगा सापडतो. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते.

नंतर काकांना स्टेजवर बोलावलं. अभिनय कुठे शिकलात, असं एकानं विचारलं.

"कुठं न्हाई. आयुष्यभर ऑफिसच्या मीटिंगांना बसलोय. काही न बोलता, लक्ष आहे असं दिसायचं."

हशा थांबल्यावर एक बाई उठल्या. "तो शेवटचा शॉट इतका खरा कसा वाटतो? कसा केलात?"

नीलनं मान खाली घातली. त्यानं ती गोष्ट घरी सांगितलेली नव्हती, हे आम्हाला सगळ्यांना माहीत होतं. रेवा घाबरून काकांकडे बघत होती.

काकांनी माइक थोडा लांब धरला. "डायरेक्टर म्हणाली, या. मी आलो." आणि नीलकडे हात करून म्हणाले, "ॲक्टिंग त्या पोरानं केली. कॅमेरापण त्याचाच. त्याला बोलवा वर."

काकू माझ्या शेजारी बसल्या होत्या. पदरानं डोळे पुसत म्हणाल्या, "घरी एवढंसुद्धा बोलत नाहीत हो."

गेल्या वर्षी काका निवृत्त झाले. दोघं म्हसवडला परत जायला निघाली. त्यांची मुलगी मेलबर्नला, ती म्हणत होती इकडे या, इथे सिनेमातलं खरंखुरं वाळवंट आहे. काका म्हणाले, "बघून येऊ. राहायला आपलं बरं." खानचाचांशी त्यांनी कसा निरोप घेतला ते मी गॅलरीतून पाहिलं. "चलते हैं," काका म्हणाले. "जाओ," खानचाचा म्हणाले. मग दोघं फाटकाला टेकून, काही न बोलता, एक अख्खी सिगारेट संपेपर्यंत उभे राहिले. सिगारेट खानचाचांची होती, काका ओढत नव्हते.

विमानतळावर आम्ही तिघं सोडायला गेलो. काकूंच्या बॅगांचं वजन जास्त भरलं. काकूंनी प्रेशर कुकर काढायला ठाम नकार दिला, म्हणून काकांनी बॅग उघडली, दोन जाकिटं एकावर एक अंगात घातली, जाड बूट पायात चढवले, दुर्बीण गळ्यात अडकवली आणि अंगणातल्या झाडाचा खजूर, जो गावी वाटायला घेतला होता, तो सगळ्या खिशांत भरला. असे चहूबाजूंनी फुगून ते आतल्या दाराशी गेले तेव्हा तिथला सुरक्षारक्षक त्यांना वरपासून खालपर्यंत बघून म्हणाला, "हबीबी, व्हेअर आर यू गोइंग?"

"होम," काका म्हणाले.

काकू वळून वळून हात हलवत होत्या. रेवा कठड्याला धरून उभी होती आणि काका पाठमोरे झाल्याबरोबर तिला हुंदका फुटला. तो त्यांनी ऐकला असावा. ते रांगेतून मागे फिरले. रक्षक "यल्ला, यल्ला, सर" म्हणत राहिला, पण ते सावकाश कठड्यापर्यंत आले, एका खिशात हात घातला आणि तिची ओंजळ खजुरानं भरली. मग दुसरा खिसा रिकामा केला.

"काका, व्हॉट आर यू डूइंग? हे गावाला न्यायचेत ना?"

"वजन जास्त होतंय," ते म्हणाले आणि गेले.

पार्किंगमध्ये गाडीत बसून आम्ही तिघांनी तो खजूर खाल्ला. रेवाचे डोळे वाहत होते आणि ती हसत होती. प्रसादनं गाडी सुरू केली, पण कितीतरी वेळ हलवलीच नाही.